चारशे पाच किलो

"सगळं सामान एका खेपेत आणतो," हे वाक्य मी फोनवर उच्चारलं तेव्हा मी आरामखुर्चीत बसलो होतो. आरामखुर्चीत बसून माणूस काय वाटेल ते उचलू शकतो.

फोनच्या दुसऱ्या टोकाला माझे सासरे होते. चार तासांच्या अंतरावर ते एकटे राहतात. सासूबाई गेल्या त्याला दोन वर्षं झाली. तेव्हापासून माझी बायको त्यांना 'आमच्याकडे राहायला या' म्हणत होती आणि ते 'बघू' म्हणत होते. त्या रविवारी ते एकदम 'येतो' म्हणाले. बायकोच्या डोळ्यांत पाणी आलं. अशा वेळी नवऱ्यानं काहीतरी भरीव बोलायचं असतं. मी फोन हातात घेतला.

"सामानाला टेम्पो सांगू का, अण्णा?"

"टेम्पो कशाला? चार डाग आहेत. नाहीतर राहू दे ते इथंच."

"वा, इथंच कसं? आपली गाडी आहे की! सगळं सामान एका खेपेत आणतो. काय हवं ते घ्या. मागेपुढे पाहू नका."

उचलली जीभ लावली टाळ्याला, दुसरं काय.

आपली गाडी म्हणजे एकोणीस वर्षांची. आमची मुलगी आणि ही गाडी एकाच वर्षी घरात आल्या. त्यानंतर एकीची वाढ झाली आणि दुसरीची झीज. पण ती अजून चालते, वळते आणि मनात आलं तर थांबतेही. तिच्याबद्दल वाकडं बोललेलं मला खपत नाही. बायको बोलते, ते वेगळं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी गाडी धूत असताना तळमजल्यावरचे कॅप्टन आले. हे सैन्यात कधीच नव्हते. एका कारखान्याच्या भांडारात त्यांनी तीस वर्षं काढली, आणि कारखान्याच्या कॅरम संघाचे एक वर्ष ते कप्तान होते. ते एक वर्ष त्यांच्या आवाजातून अजून गेलेलं नाही.

"मागून बसलीय तुमची गाडी," ते म्हणाले.

"उतारावर उभी आहे."

"उतार पुढच्या बाजूला आहे." त्यांनी गाडीला एक फेरी मारली. "कुठे लांब?"

मी सांगितलं. सांगायला नको होतं.

"सामान किती?"

"असेल शंभर-दोनशे किलो."

"आणि गाडी किती पेलते?"

"भरपूर."

"भरपूर हे माप नाही," कॅप्टन म्हणाले आणि निघून गेले. पाच मिनिटांत ते वरच्या मजल्यावरच्या दंतवैद्यांना घेऊन परतले. दंतवैद्यांच्या मागून त्यांच्या सौभाग्यवती आल्या, आणि मग इमारतीत ज्यांना ज्यांना एक तास मोकळा होता ते सगळे.

दंतवैद्य खाली वाकून म्हणाले, "स्प्रिंगांचं दातांसारखं असतं. शेवटपर्यंत तक्रार करत नाहीत, आणि मग एकदम जातात. टायरमध्ये हवा दाबून भरा."

"छे, छे! हवा कमी ठेवा," कॅप्टन म्हणाले. "टायर पसरतो, वजन वाटलं जातं."

"जास्तीचं चाक काढून ठेवा ना," दंतवैद्यीणबाईंनी सुचवलं. "तेवढेच बारा किलो वाचतील."

"आणि वाटेत पंक्चर झालं तर?"

"शुभ बोला हो! निघण्याआधीच पंक्चर कशाला काढता?"

मी पाणीपुरवठा कार्यालयात पत्रांचे मसुदे करतो. कुठल्याही प्रश्नाचं उत्तर कागदावर असतं असं माझं बावीस वर्षांचं मत आहे. तेव्हा मी सगळ्यांचे आभार मानले, वर आलो आणि गाडीचं माहितीपुस्तक शोधलं. ते मिळालं, पण वजनांच्या पानावर कोणीतरी लहानपणी जिराफ काढला होता. मुलगी म्हणाली तो घोडा आहे. काही असलं तरी त्याची मान नेमकी आकड्यांवरून गेली होती. मग गाडीचं नोंदणीपुस्तक काढलं. त्यात 'रिकामं वजन' नऊशे पस्तीस किलो, हे स्पष्ट होतं. त्याखाली 'भारासह कमाल वजन' असं लिहिलं होतं, आणि त्यापुढे चहाच्या कपाचा एक सुबक गोल होता.

म्हणजे गाडी स्वतः किती जड आहे हे कळलं. ती माणसं आणि सामान मिळून एकूण किती होऊ शकते हे कळलं नाही. या दोन आकड्यांची वजाबाकी केली की जे उरतं, तेवढंच गाडीत घालायचं. इतकी साधी गोष्ट. एकोणीस वर्षांत मला ती माहीत नव्हती, आणि मी दर उन्हाळ्यात त्या गाडीत आठ माणसं आणि एक टेबल घालून गेलो होतो.

मी रजा काढून वाहन कार्यालयात गेलो. तीन नंबरच्या खिडकीनं मला सातकडे पाठवलं, सातनं चारकडे, आणि चारच्या खिडकीतल्या बाई जेवायला गेल्या होत्या. त्या आल्यावर मी अर्ज पुढे सरकवला.

त्या अर्ज न वाचता म्हणाल्या, "यावर वजन ठेवा."

मी थिजलो. सरकारी खिडकीत हे शब्द ऐकल्यावर सज्जन माणसाचं काय होतं ते सांगायला नको. माझ्या मागे रांगेत पंधरा माणसं होती. मी बाणेदारपणे, जरा मोठ्यानंच म्हणालो, "बाई, मी स्वतः सरकारी कार्यालयात आहे. मी आजवर घेतलेलं नाही आणि देणार नाही!"

"अहो, पंखा चालू आहे," त्या म्हणाल्या. "कागद उडतोय."

मी कागदावर वजन ठेवलं. जवळ काचेचा गोळा होता, तोच ठेवला. रांगेतली पंधराही माणसं माझ्याकडे बघत होती. मी खिडकीच्या चौकटीचं लाकूड न्याहाळत उभा राहिलो.

बाईंनी संगणकात बराच वेळ पाहिलं. "तुमच्या गाडीला वजन नाही."

"म्हणजे?"

"शून्य दाखवतंय. रिकामी शून्य, भरलेली शून्य. जुन्या वह्यांतून संगणकात घेताना राहिलं असेल."

"मग ती उडून का जात नाही?"

"ते यांत्रिक विभागाला विचारा," बाई गंभीरपणे म्हणाल्या. पण बाई मनानं चांगल्या होत्या. त्यांनीच तोड सुचवली, "काट्यावर रिकामी गाडी तोलून पावती आणा. म्हणजे निदान रिकामं वजन दुरुस्त करता येईल. भरलेलं नंतर बघू."

मला नेमकं भरलेलं हवं होतं. पण बावीस वर्षं कार्यालयात काढल्यावर एक कळतं, की मिळतं ते आधी घ्यावं.

मोठ्या गाड्या तोलायचा काटा आमच्या भागात एकच आहे, आणि तो भंगारवाल्याच्या आवारात आहे. मी गाडी आत घातली तशी भंगारवाला हात पुसत बाहेर आला. त्यानं गाडीच्या टपावरून, एखाद्या आजारी माणसाच्या पाठीवरून फिरवावा तसा हात फिरवला.

"वाईट वाटणारच, साहेब," तो म्हणाला. "शेवटचा फोटो काढायचा असेल तर काढून घ्या. आम्ही घाई करत नाही."

"मी गाडी द्यायला आलेलो नाही! फक्त तोलायची आहे."

"सगळे आधी तोलायलाच येतात," तो समजुतीच्या सुरात म्हणाला.

मी गाडी काट्यावर उभी करून उतरलो. आकडा आला एक हजार वीस.

"कागदावर नऊशे पस्तीस आहे," मी म्हणालो. "तुमचा काटा चुकतोय."

"काटा नाही चुकत. वय वाढलं की अंग सुटतंच." असं म्हणून त्यानं माझ्याकडे पाहिलं. गाडीकडे पाहिलं असतं तरी चाललं असतं.

पंच्याऐंशी किलो कुठून आले? घरी आल्यावर मी, बायको आणि मुलगी, तिघांनी मिळून गाडी रिकामी केली. न्हाणीघर दुरुस्त करताना उरलेल्या फरशा डिकीत सापडल्या. त्या दुरुस्तीला अकरा वर्षं झाली होती. दगड झालेली सिमेंटची अर्धी गोणी निघाली. हातब्रेक दगा देतो म्हणून ठेवलेल्या चार विटा निघाल्या, आणि व्यायामाचे दोन डंबेल. ते मी 'कार्यालयात करीन' म्हणून नेले होते आणि परत वर आणायची लाज वाटली होती. सीटखालून मुलीचा एक बूट निघाला, माझ्या तळहाताएवढा. बायकोनं तो पुसून पदराखाली घेतला. बाकी सगळा ढीग तोलला तर भरला ऐंशी किलो. उरलेले पाच किलो आम्ही गाडीच्या वयाला माफ केले.

मी ढिगाजवळ बसून कमाल वजनाची माहिती मागणारा तिसरा मसुदा करत होतो. तेवढ्यात मुलगी पुढचं दार उघडून म्हणाली, "बाबा, हे काय आहे?"

दाराच्या खांबावर एक पत्र्याची पट्टी होती. रंगाऱ्यानं कधीतरी तिच्यावरून कुंचला फिरवला होता. मुलीनं नखांचा रंग काढायच्या औषधानं ती अर्ध्या मिनिटात स्वच्छ केली. कमाल एकूण वजन एक हजार तीनशे चाळीस. त्याखाली टायरमध्ये हवा किती भरायची तेही होतं, रिकाम्या गाडीला वेगळी आणि भरलेल्या गाडीला थोडी जास्त. एकोणीस वर्षं ते दार मी रोज उघडत होतो.

तेराशे चाळीसमधून नऊशे पस्तीस गेले, उरले चारशे पाच. मी तिसरा मसुदा घडी घालून खिशात ठेवला.

मेकॅनिकनं मात्र माझा आनंद फार वेळ टिकू दिला नाही.

"चारशे पाच हे नवी असताना," तो गाडीखालून म्हणाला. "एकोणीस वर्षांपूर्वी तुम्ही गॅस सिलिंडर उचलून जिने चढत होता ना?"

"होतो."

"आता चढा बघू."

त्यानं मागच्या स्प्रिंगा बदलल्या, ब्रेक नीट केले, हवा पट्टीवरच्या आकड्याप्रमाणे भरली आणि बजावलं, "आता चारशे पाच पेलेल. त्यावर एक किलो नको. जड सामान खाली आणि मागच्या सीटला टेकून ठेवा. टपावर काही बांधू नका, वळणावर कलंडेल. आणि ब्रेक लवकर लावायला सुरुवात करा. भरलेली गाडी थांबायला वेळ घेते."

आता राहिली माणसांची वजनं. कुठल्याही संसारात हा टप्पा येऊ नये.

माझं वजन चौऱ्याहत्तर आहे असं मी सगळीकडे सांगतो. दंतवैद्यांकडून आणलेल्या काट्यानं एक्क्याऐंशी सांगितलं. मुलीचं चोपन्न. सासरेबुवांनी फोनवर लगेच सांगितलं, "अठ्ठावन्न, चपलांसह." बायको स्वयंपाकघरात गेली आणि तिनं भांडी घासायला काढली.

"अगं, फक्त आकडा हवाय."

"लग्नाला तेवीस वर्षं झाली. तेव्हा नाही विचारलंत."

"तेव्हा गाडी नव्हती!"

शेवटी तडजोड झाली. बायको काट्यावर उभी राहणार, आकडा फक्त मुलगी बघणार, आणि मला फक्त बेरीज कळणार. बेरजेतून वजाबाकी करता येते हे बायकोच्याही लक्षात आलं. म्हणून ती खाण्याचा डबा, पाण्याचा कॅन आणि छत्री घेऊन काट्यावर चढली. आकडा आला एकाहत्तर. त्यातली छत्री किती आणि सहधर्मचारिणी किती, हे मला आजही ठाऊक नाही.

एक्क्याऐंशी, चोपन्न, एकाहत्तर आणि अठ्ठावन्न म्हणजे दोनशे चौसष्ट. सामानाला उरले एकशे एकेचाळीस किलो. चार डागांना हवेत कशाला त्याहून जास्त, असं म्हणत आम्ही शनिवारी पहाटे निघालो. कॅप्टन मागून ओरडले, "आता बसलेली दिसत नाही!" त्यांचा आवाज जरा हिरमुसला वाटला.

माझे सासरे वजनमापे खात्यात निरीक्षक होते हे आता सांगायला हवं. अडतीस वर्षं त्यांनी दुकानदारांचे तराजू तपासले. अजूनही ते फळं हातात घेऊन वजन सांगतात आणि फळवाला गप्प बसतो. आम्ही पोचलो तेव्हा सामान दारात मांडून ठेवलेलं होतं. प्रत्येक डागाला चिठ्ठी आणि तिच्यावर वजन. त्यांनी मला एक कागद दिला. त्यावर तीन रकाने होते, वस्तू, वजन आणि आवश्यकता.

कपड्यांची ट्रंक तेवीस, पुस्तकं सत्तेचाळीस, भांडी बावीस, गादी आणि पांघरुणं वीस, खुर्ची तेरा, हत्यारांची पेटी चौदा. निवृत्त होताना खात्याकडून रीतसर विकत घेतलेला प्रमाणित वजनांचा संच बेचाळीस. आणि दोन टाइपरायटर, तीस. सासूबाई घरी टायपिंगचा वर्ग चालवत. सासरेबुवा तिथे शिकायला जात होते. सहा महिन्यांचा अभ्यासक्रम त्यांनी दोन वर्षं पुरवला आणि मग लग्न केलं, ही गोष्ट आमच्या घरात सगळ्यांना पाठ आहे. प्रत्येक वस्तूसमोर 'आवश्यकता' या रकान्यात काहीतरी लिहिलं होतं. टाइपरायटरसमोरची जागा कोरी होती.

एकूण बेरीज दोनशे अकरा.

'काय हवं ते घ्या' म्हणणारा मीच. मी कागद उलटा करून पाहिला. मागच्या बाजूलाही दिलासा नव्हता.

"किती बसतं?" त्यांनी विचारलं.

"तसं बसेल, अण्णा... म्हणजे... थोडं इकडेतिकडे..."

"आकडा सांगा."

"एकशे एकेचाळीस."

"म्हणजे सत्तर जास्त."

"पण थोडं जास्त चालतं हो! सगळेच नेतात."

"जावईबापू," ते शांतपणे म्हणाले, "अडतीस वर्षं मी 'थोडं चालतं' म्हणणाऱ्यांचेच तराजू जप्त केले."

आणि ते खाली बसून एकेक डाग बाजूला काढू लागले. वजनांचा संच काढला. हत्यारांची पेटी काढली. खुर्ची काढली. मी मनात बेरीज करत होतो, एकोणसत्तर. एक किलो राहिला. त्यांनी ट्रंक उघडली आणि तळातून फिरायचे बूट काढून खुर्चीवर ठेवले.

"एक किलो शंभर ग्रॅम. झालं."

"अण्णा, बूट कशाला काढलेत?" बायकोनं विचारलं.

"तिकडे कुठे लागणार? मी काय कुठे जाणार आहे?"

बायको बोलायला लागली असती तर लवकर थांबली नसती, असा तिचा चेहरा झाला होता. सासरेबुवा ट्रंक बंद करता करता, आमच्याकडे न बघता म्हणाले, "खरं तर हिशेब सोपा आहे. जास्तीचं वजन आहे अठ्ठावन्न किलो. ते इथंच राहिलं तर तुमची सगळ्यांचीच सोय होईल. मी दोन महिने हाच विचार करतोय."

मुलगी म्हणाली, "आजोबा, असं काय बोलता!" आणि तिचा आवाज चिरकला. बायको भिंतीकडे वळली. त्या खोलीत मी एकटाच असा होतो की ज्याला काहीतरी करणं भाग होतं, कारण एका खेपेची बढाई माझी होती. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

मी पुन्हा हिशेब केला. सत्तर किलो कमी करायचे. मुलगी उतरली तर चोपन्न, पुरत नाहीत. डबा, कॅन आणि छत्रीसह बायको उतरली तर एकाहत्तर, नेमके पुरतात. पण हे बोलून दाखवायची छाती कोणाची? शिवाय ती माझ्यापेक्षा गाडी चांगली चालवते. तिनंच ते सांगितलेलं आहे, आणि खरं आहे.

"अण्णा, तुमची बेरीज चुकली," मी म्हणालो.

त्यांची बेरीज चुकली असं आजवर त्यांना कोणी म्हटलं नसावं. ते वर बघू लागले.

"जास्तीचं वजन एक्क्याऐंशी किलो आहे, आणि ते माझं आहे. मी बसनं येतो. सगळं सामान पुन्हा गाडीत घाला. बूट आधी."

मी कार्यालयात उत्तम मसुदे करतो, पण तोंडी असं वाक्य मला पुन्हा जमणार नाही. बायकोनं वळून माझ्याकडे जे पाहिलं ते तेवीस वर्षांत फार तर तीनदा पाहिलं असेल. सासरेबुवांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला.

"मग अकरा किलो उरतात," ते म्हणाले.

सामान चढवलं त्यांनीच. म्हणजे उचललं मी, आणि जागा त्यांनी सांगितल्या. वजनांचा संच अगदी खाली, सीटला टेकून. टाइपरायटर त्याच्या शेजारी, मध्ये गादी. मेकॅनिकनं सांगितलेलं सगळं त्यांनी न सांगता केलं. गाडी तराजूच्या दांडीसारखी सरळ उभी राहिली.

एवढ्यात गल्ली निरोप द्यायला आली.

पहिला आला भाजीवाला. सासरेबुवांनी वीस वर्षांपूर्वी त्याचा तराजू जप्त केला होता. त्यानं बटाट्यांची पिशवी पुढे केली. "दहा किलो आहेत, साहेब. घरचे समजा."

सासरेबुवांनी सवयीनं खिशातून आकड्याचा काटा काढला आणि पिशवी अडकवली. सगळे श्वास रोखून उभे.

"दहा किलो दोनशे," ते म्हणाले. "दोनशे ग्रॅम जास्त भरतात."

"ते माझ्याकडून," भाजीवाला म्हणाला. मग दोघांनाही एकमेकांकडे बघवेना.

बटाटे गाडीत गेले. उरले आठशे ग्रॅम. तर शेजारच्या शिक्षिकाबाई कोरफडीची कुंडी घेऊन आल्या, सात किलो. तिच्या मागोमाग सासूबाईंचे जुने विद्यार्थी, आता सगळे पन्नाशीचे, एक ठोक्यांचं भिंतीवरचं घड्याळ घेऊन आले, पाच किलो. नाही म्हणणं शक्यच नव्हतं. सासरेबुवांनी माझ्याकडे पाहिलं.

"द्या," मी म्हणालो. "बसला तिची मर्यादा विचारायची राहिलीच आहे."

म्हणून माझ्याच कुटुंबाला माझ्याच गाडीतून, माझ्याच नव्या स्प्रिंगांवर डौलात जाताना मी पाहिलं, आणि एका हातात काटेरी कुंडी आणि दुसऱ्या हातात घड्याळ घेऊन बसथांब्यावर उभा राहिलो.

बसमध्ये दाराजवळ लिहिलं होतं, बसून चव्वेचाळीस, उभे अकरा. मी मोजले तर त्र्याऐंशी भरले. नुकतंच ज्ञान झालेल्या माणसाला गप्प बसवत नाही. मी वाहकाला म्हणालो, "अहो, ही गाडी क्षमतेच्या बाहेर गेलीय. ब्रेक लागायला वेळ लागतो."

"बरोबर आहे," वाहक म्हणाला. "तुमच्यापासून सुरुवात करू या का?"

मी गप्प बसलो. घड्याळ बसलं नाही. ते दर पाव तासानं वाजायचं. पहिल्यांदा वाजलं तेव्हा तीन माणसांनी आपापली घड्याळं लावून घेतली. चौथ्यांदा वाजलं तेव्हा एका बाईंचं झोपलेलं मूल उठलं आणि माझ्या नावानं, म्हणजे 'घड्याळवाले' या नावानं, बसमध्ये बोललं जाऊ लागलं. मी घड्याळ पोटाशी कवटाळून आवाज दाबायचा प्रयत्न केला, तर ठोके मलाच आतून ऐकू येऊ लागले. कोरफडीनं शेजारच्या गृहस्थांना दोनदा टोचलं. मी दोनदा माफी मागितली. तिसऱ्यांदा टोचल्यावर ते म्हणाले, "असू द्या हो. कुठे चाललंय हे सगळं?"

"सासरे राहायला येतायत आमच्याकडे," मी म्हणालो.

"कायमचे?"

"कायमचे."

त्यांनी थोडा विचार केला आणि कुंडी आपल्या मांडीवर घेतली. "द्या. तुम्ही घड्याळ सांभाळा," ते म्हणाले.

संध्याकाळी उजेड असतानाच बस आमच्या थांब्यावर आली. शेजारच्या गृहस्थांनी कुंडी खिडकीतून माझ्या हातात दिली. मी वळलो तर थांब्याच्या बाकावर सासरेबुवा बसले होते.

"अण्णा! तुम्ही इथं कशाला आलात?"

"तास झाला आम्ही पोचलो त्याला. सगळं उतरवून झालं. पोरीनं चहा ठेवला. म्हटलं तोवर बघून येतो." ते उठले आणि त्यांनी घड्याळाला हात घातला. "हे द्या इकडे."

"राहू द्या, अण्णा, दमला असाल. पाच किलो आहे ते."

"मला ठाऊक आहे किती आहे ते. पेलतं मला एवढं."

त्यांनी घड्याळ काखेत मारलं आणि ते झपाझप चालू लागले. मी कुंडी सावरत मागून. बारा किलो सामानातलं पाच त्यांच्याकडे आणि सात माझ्याकडे, तरी मला त्यांच्याबरोबर राहायला धापा टाकाव्या लागत होत्या. औषधांच्या दुकानापाशी रस्त्याला दोन फाटे फुटतात. तिथे ते थांबले, इकडे पाहिलं, तिकडे पाहिलं.

"येताना विचारत विचारत आलो," ते म्हणाले. "आपलं घर कुठल्या बाजूला?"

माझे दोन्ही हात गुंतलेले होते. मी कुंडीनंच डावीकडे दाखवलं.